विंटरफेलच्या भिंतींतले पाणी

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत पडद्यावरच्या कल्पित किल्ल्यांविषयी आलेला लेख वाचला. ‘गेम ऑफ थ्रोन्स’ मालिकेत स्टार्क घराण्याचा विंटरफेल किल्ला पुस्तकातून जसाच्या तसा उतरला आहे, असे लेखकाचे म्हणणे. ते काही पटले नाही, म्हणून हे पत्र.

पडद्यावरचा विंटरफेल देखणा आहे, यात वाद नाही. पहिल्या पर्वासाठी उत्तर आयर्लंडमधल्या कॅसल वॉर्डचे जुने आवार वापरले, पुढे मोठा सेट उभा केला. दगड, चिखल, धूर, लोहाराचा भाता, सगळे अस्सल वाटते. तळघरातल्या समाध्या आणि दगडी राजे तर मनात होते तसेच दिसले. पण हा किल्ला चालतो कशावर, हे मालिकेने गाळले आणि माझी तक्रार नेमकी तीच आहे.

जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या १९९६ सालच्या पहिल्या कादंबरीत विंटरफेल गरम पाण्याच्या झऱ्यांवर बांधलेला आहे. ते पाणी भिंतींतून खेळवलेले, त्यामुळे दालने उबदार, भाजीपाला पिकवायच्या काचघरांतली हवा दमट आणि माती न गोठणारी. लहान लहान चौकांत उघड्या कुंडांतून वाफ निघते. वर्षानुवर्षे चालणाऱ्या हिवाळ्यात माणसे तगतात ती या सोयीवर. दक्षिणेतून सून म्हणून आलेल्या कॅटलिनची खोली सगळ्यांत गरम. तिथे शेकोटी क्वचितच पेटवावी लागते. नवऱ्याला मात्र ती ऊब सोसत नाही. तो, विंटरफेलचा सरदार नेड, अंथरुणातून उठतो, जाड पडदे बाजूला सारतो आणि एकेक करून खिडक्या उघडून रात्रीचा गारठा आत घेतो. एका किरकोळ कृतीत दोन घराणी, दोन हवामाने आणि एक संसार येऊन जातो. मालिकेत त्यांची मुलगी सान्सा धान्यसाठ्याची चौकशी करते, एवढ्या फौजेला खायला काय घालायचे असा रास्त सवालही करते. पण काचघरांना कथेत कामच नाही.

ऊब कॅमेऱ्यात पकडता येत नाही, असे कोणी म्हणेल. मान्य. पण वाफाळते कुंड आणि उघडी खिडकी दाखवायला किती खर्च आला असता?

दुसरी गोष्ट किल्ल्याच्या आकाराची. पुस्तकातला विंटरफेल कुणी एकदा नकाशा काढून बांधलेला नाही, शतकानुशतके वाढत गेलेला आहे. बांधणाऱ्यांनी जमीनही सपाट केली नाही, त्यामुळे तटाच्या आत टेकड्या आणि दऱ्या आहेत. एका मनोऱ्याच्या चौथ्या मजल्यावरून निघालेला झाकलेला पूल दुसऱ्याच्या दुसऱ्या मजल्यावर उतरतो. दक्षिण दरवाजापाशी आतल्या तटात शिरायचे, तीन मजले चढायचे आणि दगडातल्या अरुंद बोळातून धावत उत्तर दरवाजाशी निघायचे, तर बाहेर पडताना पाय थेट जमिनीवर आणि डोक्यावर शंभर फूट भिंत! हे गुपित नेडच्या छोट्या मुलाला, ब्रॅनला ठाऊक आहे, किल्ल्यातल्या विद्वान मेस्टर लुविनला नाही. पडद्यावरचा ब्रॅनही भिंती चढतो, पण त्याच्याबरोबर आपल्याला किल्ला कळत नाही. पोरगा वरून पडणार आहे, एवढेच कळते.

याची किंमत शेवटच्या पर्वात मोजावी लागली. एप्रिल २०१९ मध्ये आलेला तो विंटरफेलच्या लढाईचा ८२ मिनिटांचा भाग; त्याचे चित्रीकरण ५५ रात्री चालले होते. तो फार अंधारा झाल्याची त्या वेळी पुष्कळ ओरड झाली. मला अंधाराचे काही नाही. पुस्तकात या किल्ल्याला दोन तट आहेत, बाहेरचा ऐंशी फुटांचा, आतला त्याहून उंच आणि मध्ये रुंद खंदक. स्टार्कांकडेच वाढलेला थिऑन उलटून मूठभर माणसांनिशी किल्ला घेतो, पण माणसे पुरत नाहीत म्हणून त्याला बाहेरचा तट सोडून द्यावा लागतो. म्हणजे किल्ला जिंकूनही तो राखता येत नाही, हे वास्तूच सांगते. मालिकेत मात्र सारी फौज तटाबाहेर मैदानात, दगडफेकी यंत्रे पायदळाच्याही पुढे आणि घोडदळ काळोखात सोडून दिलेले. गडावर पोहोचल्यावर आधी पाण्याचे टाके आणि मग चोरदरवाजा शोधणाऱ्या आपल्याकडच्या भटक्यांना हे पाहून डोक्याला हात लावावासा वाटला असेल. एवढा थोरला किल्ला पाठीशी असून त्याचा उपयोग तो पडण्यापुरताच.

पडद्याला हे जमतच नाही, असेही नाही. त्याच जगावरच्या ‘हाउस ऑफ द ड्रॅगन’ मालिकेच्या २०२४ सालच्या दुसऱ्या पर्वात हॅरनहॉल हा किल्ला पाहावा. गळकी छपरे, ओल, न संपणारी दालने. राजघराण्यातला डेमन तो किल्ला फारशी झटापट न होता ताब्यात घेतो आणि मग किल्लाच हळूहळू त्याला पोखरू लागतो. तिथे वास्तू पात्रांना वागायला भाग पाडते. आपल्या लेखात विंटरफेलला अर्धे पान मिळाले आणि हॅरनहॉलचे नावसुद्धा आले नाही, याचे आश्चर्य वाटले.

आपला,
एक वाचक, नाशिक