लॉ स्कूल थांबेल, तू कॅम्पला जा

चि. ओंकार,
अनेक उत्तम आशीर्वाद.

जुलैत अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक संघाचा ट्रेनिंग कॅम्प आणि ऑगस्टमध्ये लॉ स्कूल, यात तू कात्रीत सापडलायस. पुण्याहून मामाचा फोनही ‘पोराला समजाव’ एवढंच सांगायला आला होता. ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ कॉलेजची मुलं निवडतात त्यात, नाव न आलेल्या मुलाला संघात जागा मिळणं किती कठीण, ऑगस्टअखेर ५३ जण ठेवून बाकीच्यांना घरी कसं पाठवतात, हे आता मलाही पाठ झालंय. तरी माझं मत आहे, तू जा.

कोलोरॅडोत बोल्डरला ज्या मैदानावर तू घाम गाळलास, तिथेच बायरन व्हाइट खेळला. त्याचा २४ नंबर तुमच्या विद्यापीठाने पुन्हा कुणाला दिला नाही. वेलिंग्टनसारख्या छोट्या गावातला, शुगर बीटच्या शेतात राबलेला मुलगा. १९३७ साली चेंडू घेऊन धावण्यात देशातल्या कॉलेज खेळाडूंत पहिला, सर्वोत्तम कॉलेज खेळाडूच्या हाइझमन ट्रॉफीच्या मतदानात दुसरा, आणि अभ्यासातही सगळ्यांच्या पुढे. ऑक्सफर्डची ऱ्होड्स शिष्यवृत्ती हातात होती. तेवढ्यात पिट्सबर्गच्या व्यावसायिक संघाने १५,८०० डॉलर देऊ केले. मंदीच्या त्या काळात एनएफएल या व्यावसायिक लीगमध्ये एवढा पगार कुणालाच नव्हता.

त्याने काय केलं? ऑक्सफर्डला उशिरा यायची परवानगी मागितली. त्यांनी दिली. १९३८चा हंगाम तो खेळला. संघ अगदीच कमकुवत, ११ सामन्यांत जेमतेम दोन विजय. दर आठवड्याला हरायचं आणि पुढच्या सामन्यात परत चेंडू घेऊन समोरच्या भिंतीत घुसायचं! तरी ५६७ यार्ड धावून तो अख्ख्या लीगमध्ये पहिला आला. मग जानेवारीत ऑक्सफर्डला हजर. युद्ध सुरू झाल्यावर परतला, येल विद्यापीठात कायदा शिकायला गेला आणि शिकता शिकता डेट्रॉइटकडून आणखी दोन हंगाम खेळला. १९४० साली पुन्हा धावण्यात पहिला. नंतर नौदल, आणि खेळ कायमचा सुटला.

व्यावसायिक खेळाडू म्हणून एवढंच, तीन हंगाम. १९६२ साली राष्ट्राध्यक्ष केनेडींनी त्याला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश नेमलं, तिथे तो ३१ वर्षं होता. त्याचे सगळे निकाल मला पटत नाहीत, १९७३ साली गर्भपाताचा हक्क मान्य करणाऱ्या निकालाला त्याने केलेला विरोध तर मुळीच नाही. पण ‘फुटबॉल सोडला म्हणून न्यायाधीश झाला’ असं त्याच्याबद्दल कुणी म्हणालं की मला राग येतो. खेळला तेव्हा तो जीव ओतून खेळला. ती वर्षं वाया गेली नाहीत, आणि तुझं वर्षही जाणार नाही.

बाबांना तुझ्या गुडघ्याची काळजी आहे, मला डोक्याची. त्यांच्याशी मी बोलते. तू आजच लॉ स्कूलला लिही आणि प्रवेश वर्षभर पुढे ढकलता येईल का विचार. शिष्यवृत्तीही राहील ना, हे त्यांच्याकडून लेखी घे, नुसत्या तोंडी शब्दावर राहू नकोस. कॅम्पमध्ये डोक्याला मार बसला, गरगरलं, तर जागा जाईल या भीतीने लपवू नकोस. डॉक्टरांना त्याच क्षणी सांग आणि रात्री मला फोन कर, कितीही वाजले असले तरी.

तुझी,
आई