सूचना : संचालक मंडळाची निवडणूक – अर्ज भरण्याआधी वाचा

सर्व सभासद बंधू-भगिनींना नमस्कार,

आपल्या विकास सोसायटीच्या (शेतकऱ्यांना कर्ज देणाऱ्या गावच्या सहकारी संस्थेच्या) निवडणुकीला उभं राहायचं असेल, तर आधी स्वतःचं खातं तपासा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 73कअ प्रमाणे थकबाकीदाराला संचालक होता येत नाही. पीककर्ज ठरल्या तारखेला भरलं नाही, की माणूस थकबाकीदार. मुदतकर्जाचा, म्हणजे हप्त्यांनी फेडायच्या कर्जाचा, एक हप्ता चुकला तरी तेच. आणि हे फक्त आपल्या सोसायटीपुरतं नाही. कोणत्याही सहकारी संस्थेची बाकी आड येते. अमळनेर-चोपड्याच्या एखाद्या पतसंस्थेतलं जुनं कर्ज लोक हमखास विसरतात! म्हणून जिथं जिथं खातं आहे, तिथून बेबाकी दाखला, म्हणजे काही देणं बाकी नसल्याचा दाखला, आत्ताच घ्या.

दोनपेक्षा जास्त अपत्ये असतील तरी अपात्रता येते. या कायद्यातली 2001 ची दुरुस्ती लागू झाली तेव्हाच ज्यांना जास्त मुलं होती, त्यांना सूट आहे. मात्र पुढे संख्या वाढलेली नसावी.

अंतिम मतदार यादीत नाव आहे का, तेही पाहून ठेवा.

मंडळात महिलांसाठी 2 जागा राखीव आहेत. माय-बहिणींनो, शेतात राबता तशा या जागांसाठीही पुढे या, घरच्यांनी नाव सुचवायची वाट पाहू नका. जातीनुसार राखीव असलेल्या जागेवर अर्ज भरणाऱ्यांनी जातीचा दाखला काढून ठेवावा.

कापूस विकून पैसे आले की बाकी भरू, असं म्हणत थांबू नका. शंका असल्यास गटसचिवांना (सोसायटीचं कामकाज पाहणारे सचिव) कार्यालयात भेटा.

– सभासदांच्या वतीने