पाणी मोजायचे तर एप्रिलमध्ये मोजा

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

शासकीय निधी कामाच्या निकालाशी जोडा, जो निकाल दाखवणार नाही त्याचा पैसा पुढच्या वर्षी कापा, असे ठासून सांगणारा लेख आपल्या कालच्या अंकात आला आहे. त्यातला निम्मा मुद्दा मला मान्य आहे. उरलेला निम्मा वाचून संताप आला, म्हणून हे पत्र.

बेळगावात बरीच वर्षे अर्थशास्त्र शिकवून मी आता गावी, जांबोटी भागात राहते. गावच्या पाणी समितीची सदस्य आहे. कणकुंबीला उगम पावणारी मलप्रभा आमच्यापासून लांब नाही. तिचे पाणी पुढे नविलुतीर्थच्या धरणात साठते आणि हुबळी-धारवाडची तहान भागवते. आमच्याकडे पावसाळाभर छत्री मिटत नाही आणि एप्रिल लागला की विहिरीचा तळ दिसतो. घाटमाथ्यावरच्या कुणालाही विचारा, हेच सांगेल.

घरोघरी नळाने पाणी देण्याची केंद्राची योजना, जलजीवन मिशन, गावात आली. पाइपसाठी रस्ते खणले, ते पुन्हा नीट बुजवले नाहीत. प्रत्येक दारात तोटी बसली. मग भर पावसात, विहीर काठोकाठ भरलेली असताना चाचणी झाली. तोटी सोडली, पाणी आले, फोटो आणि व्हिडिओ काढले आणि ग्रामसभेत ठराव झाला की गावातल्या प्रत्येक घराला नळाने पाणी मिळते. या मिशनमध्ये खात्याने दिलेल्या आकड्यावर शेवटची मोहोर ग्रामसभेच्या ठरावाने उमटते, म्हणून त्या ठरावाची घाई. मी तेव्हाच चाचणी घेणाऱ्या साहेबांना म्हटले, चाचणी उन्हाळ्यात घ्या. टार्गेट आहे, थांबता येत नाही, असे उत्तर मिळाले. मी सही केली नाही. ठराव त्यामुळे अडला नाही.

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये तोट्या कोरड्या पडल्या. माझ्या सासूबाईंचे वय ऐंशीच्या घरात. त्या पहाटे अंधारात ओढ्यात खणलेल्या खड्ड्यावर जातात, पाणी पाझरेपर्यंत बसून राहतात आणि वाटी वाटीने घागर भरतात. मी जाते म्हटले तर ऐकत नाहीत, उशीर झाला तर खड्डा गढूळ होतो म्हणतात. त्यांच्या दारातली तोटी सरकारच्या नोंदीत चालू आहे. मिशनचा स्वतःचा निकष माणशी रोज ५५ लिटर, पिण्याजोगे, नियमित आणि दीर्घकाळ असा आहे. त्यातला 'नियमित आणि दीर्घकाळ' हा भाग जुलैमध्ये कसा मोजला, याचे उत्तर मला आजवर कुणी दिलेले नाही.

आता लेखकाला माझा साधा प्रश्न. आमच्या गावाचा निकाल कागदावर शंभर टक्के आहे. ठेकेदाराचे बिल निघाले, विभागाचे उद्दिष्ट पूर्ण झाले. उद्या कुणी प्रामाणिकपणे मोजले आणि निकाल शून्य निघाला, तर आपल्या सूत्राप्रमाणे कोणाचा पैसा कापणार? ठेकेदार केव्हाच निघून गेला. साहेबांची बदली झाली. कापला जाणार तो आमच्या पंचायतीचा निधी. रोगी बरा झाला नाही म्हणून त्याचेच औषध बंद करण्यासारखे आहे हे.

लेखात ही कल्पना जणू आजच सुचल्यासारखी मांडली आहे. पहिल्या प्रशासकीय सुधारणा आयोगाच्या शिफारशीनंतर केंद्राची काही खाती १९६८-६९ पासून कामगिरीचे अंदाजपत्रक काढू लागली. २००५-०६ मध्ये आउटकम बजेट, म्हणजे खर्चातून काय साधले हे सांगणारे अंदाजपत्रक, आले, २०१७-१८ पासून ते एकत्रितपणे अर्थसंकल्पासोबतच मांडले जाते. एवढ्या वर्षांत रकाने वाढले, पण खाली आमच्यापर्यंत पोचेपर्यंत त्या रकान्यांत पाइपची लांबी, जोडण्यांची संख्या आणि खर्चाची टक्केवारी एवढेच उरते.

निधी कामगिरीशी जोडून पाहिला नाही असेही नाही. चौदाव्या वित्त आयोगाने (२०१५-२०) ग्रामपंचायतींच्या अनुदानातला १० टक्के भाग कामगिरीवर ठेवला होता. कामगिरी कोणती, तर लेखापरीक्षण झालेले हिशेब आणि पंचायतीच्या स्वतःच्या उत्पन्नात वाढ. हिशेबाची अट योग्यच होती, पण उत्पन्नाची? शहराला लागून घरांचे प्लॉट (लेआऊट) पडलेल्या पंचायतीला घरपट्टी वाढवता येते. भीमगड अभयारण्याच्या कडेला विखुरलेल्या वाड्यांची पंचायत घरपट्टी वाढवणार कोणावर? ज्याच्याकडे आहे त्यालाच आणखी, असा त्याचा अर्थ झाला. नळाला पाणी येते का, हे त्या अटीत कुठेच नव्हते.

याउलट आपल्या बेळगाव शहरातच चांगले उदाहरण आहे, त्याचा लेखात उल्लेख नाही. जागतिक बँकेच्या मदतीने शहराच्या काही प्रभागांत २००८ पासून चोवीस तास पाणी सुरू झाले. तिथे निकालाशी जोडला होता तो पाणी चालवणाऱ्या कंपनीच्या मेहनतान्याचा एक भाग. प्रभागातल्या लोकांच्या निधीला कुणी हात लावला नव्हता. जोडणी करायची तर अशी करा. ठेकेदाराचा शेवटचा हप्ता एक पूर्ण एप्रिल-मे पार पडेपर्यंत रोखून ठेवा. ज्या अधिकाऱ्याने चाचणीवर सही केली, त्याच्या सेवापुस्तकात त्या गावच्या मे महिन्यातल्या पाण्याची नोंद करा. आणि ज्या गावाचा निकाल वाईट, तिथे पैसा कमी न करता आणखी द्या आणि झऱ्याजवळ साठवण करा, कारण आमची अडचण पाइपची नसून पाणी साठवण्याची आहे. मिशनची मुदत २०२८ पर्यंत वाढवली आहे, तेव्हा वेळ नाही असे कुणी म्हणू नये.

मोजायचे कुणी, हाही प्रश्न लेखात राहून गेला आहे. पाण्याची शुद्धता तपासायला प्रत्येक गावातल्या पाच बायकांना किट देऊन शिकवायचे, असे मिशननेच ठरवले आहे. शुद्धता तपासायला आम्ही चालतो, मग पाणी किती आले हे लिहून ठेवायला का चालत नाही? घागरीचा हिशेब आमच्याइतका कुणाला कळतो?

एक गोष्ट लेखाच्या विषयात थेट बसत नाही, तरी लिहिते. आमच्या गावच्या योजनेचा फलक, ग्रामसभेचा ठराव, पाणी तपासणीचा अहवाल, सगळे फक्त कन्नडमध्ये आहे. समितीत नियमाप्रमाणे निम्म्या बायका आहेत आणि त्यातल्या बहुतेकींना कन्नड वाचता येत नाही. त्यांनी सही केली ती काय लिहिले आहे हे न वाचता. जिथे भाषिक अल्पसंख्याक १५ टक्के किंवा अधिक आहेत, तिथे महत्त्वाचे शासकीय कागद त्यांच्या भाषेतही द्यायचे, हे कित्येक दशकांपूर्वी ठरले आहे. खानापूर तालुक्यात मराठी बोलणारे किती आहेत हे मी आपल्याला सांगायला नको. कन्नडला माझा विरोध नाही, माझी नातवंडे ती शाळेत शिकतात आणि छान बोलतात. पण निकालावर सही घ्यायची असेल, तर तो निकाल सही करणाऱ्याला वाचता आला पाहिजे.

आपल्या वृत्तपत्राकडूनही एक अपेक्षा आहे. केडीपी बैठकीच्या, म्हणजे सरकारी खात्यांच्या कामाचा आढावा घेणाऱ्या बैठकीच्या, बातमीत कोणत्या खात्याने किती टक्के निधी खर्च केला, हे आपण नेमाने छापता. त्याच बैठकीत आपल्या वार्ताहराने जिल्ह्यातल्या किती नळांना मे महिन्यात पाणी होते एवढे विचारावे आणि जे उत्तर मिळेल ते छापावे.

पुढच्या ग्रामसभेआधी ठरावाचा मसुदा मराठीत मिळावा आणि पाण्याची फेरचाचणी उन्हाळ्यात व्हावी, अशी लेखी मागणी आमच्या समितीतल्या बायकांनी पंचायतीकडे दिली आहे. पोच घेतली आहे. उत्तर आले की कळवीन.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका,
जांबोटी भाग, ता. खानापूर, जि. बेळगाव