शेर्पा म्हणजे हमाल नव्हे

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारच्या पुरवणीत एव्हरेस्ट बेस कॅम्प ट्रेकवरचा लेख वाचला. फोटो झकास होते, लेखिकेने मनापासून लिहिलंय, त्यात वादच नाही. पण खाली खर्चाची जी चौकट दिलीये तिच्यात ‘शेर्पा (सामान उचलायला) : दोन जणांत एक’ असं छापलंय आणि ते वाचून मला राहवलं नाही म्हणून हे पत्र. राग वगैरे नाहीये हो, कारण गेल्या दिवाळीपर्यंत मीही हेच म्हणत होते.

माझं वय ५४, बँकेतून व्हीआरएस घेतलीये, ट्रेकिंग म्हणजे हरिश्चंद्रगड, रतनगड, राजमाची आणि दर पावसाळ्यात एकदा तरी कळसूबाई. गेल्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीत आमचा १४ जणांचा ग्रुप एका कंपनीबरोबर बेस कॅम्पला गेला. कंपनीचं नाव लिहीत नाही, लिहून उपयोगही नाही, सगळ्यांची माहितीपत्रकं सारखीच असतात. आमच्या माहितीपत्रकावर मोठ्ठ्या अक्षरात ‘शेर्पा संस्कृतीचा अनुभव’ असं होतं आणि बॅगेचं वजन १० किलोच्या आत ठेवा ही सूचना शेवटच्या पानावर इतक्या बारीक अक्षरात की मी ती घरी परत आल्यावर वाचली.

ट्रेक जिथून सुरू होतो त्या लुक्लाची विमानं सीझनमध्ये काठमांडूहून बहुतेक सुटतच नाहीत, रात्री दोनला उठून जीपने मंथलीच्या विमानतळावर जायचं आणि तिथून उडायचं. लुक्लाची ती धावपट्टी ५२७ मीटरची, चढावर बांधलेली, एका टोकाला दरी आणि दुसऱ्या टोकाला डोंगराची भिंत, त्याबद्दल सगळ्यांनीच लिहून झालंय, मी डोळे मिटून घेतले होते त्यामुळे मला सांगण्यासारखं काही नाही. उतरल्यावर मात्र डोळे उघडले. लॉजच्या अंगणात आमच्या डफल बॅगा एकेक करून काट्याला लटकवल्या, माझी भरली १६ किलो. शेजारच्या काकांची १७. या दोन्ही बॅगा एकाच मुलाच्या वाट्याला आल्या, त्याने त्या दोरीने एकत्र आवळल्या, वर स्वतःचं एक छोटं गाठोडं बांधलं आणि सगळं मिळून कपाळाला अडकवलं. हो, कपाळाला. नामलो म्हणतात त्या पट्ट्याला. खांद्यावर काही नाही, सगळा भार मानेवरून पाठीच्या कण्यात.

माझ्या १६ किलोत काय होतं ते पण सांगते. पोह्यांचा चिवडा, बेसनाचे लाडू, शंकरपाळे, मेतकूट, दोन लोणच्याच्या बरण्या, एक जास्तीची चादर (थंडी वाजली तर!) आणि हेअर ड्रायर. हसा. वाटेतल्या नामचे गावाच्या पुढे लॉजमध्ये मोबाइल चार्ज करायचेही पैसे पडतात आणि मी हेअर ड्रायर घेऊन गेलेले.

दुसऱ्या दिवशी नामचेचा चढ. दूधकोसी नदीवरचा तो उंच झुलता पूल ओलांडला की जो चढ सुरू होतो तो संपतच नाही. तिथे आमचे काका त्या मुलाला सारखं ‘ए शेर्पा, पाण्याची बाटली दे रे’, ‘ए शेर्पा, थांब जरा’ असं चाललेलं. तो मुलगा दर पन्नास-साठ पावलांवर थांबायचा, हातातली टी आकाराची काठी, तिला टोकमा म्हणतात, ती पाठीमागे ओझ्याखाली टेकवायचा आणि उभ्याउभ्या भार तिच्यावर सोडून श्वास घ्यायचा. बसायचा नाही, कारण एकदा बसलं की तेवढं वजन घेऊन उठणं अवघड. आणि शेवटी आमचा गाइड, तो खरा शेर्पा, शांतपणे हिंदीत म्हणाला, काका, वो शेर्पा नहीं है, वो राई है. शेर्पा मैं हूँ. (राई ही नेपाळातली वेगळीच जमात.)

मग त्या रात्री नामचेच्या लॉजमध्ये शेगडीभोवती त्याने सगळं समजावून सांगितलं. शर म्हणजे पूर्व आणि पा म्हणजे माणसं, पूर्वेकडून आलेले लोक. पाचेकशे वर्षांपूर्वी तिबेटच्या खाम भागातून हे लोक डोंगर ओलांडून खुंबूत, म्हणजे एव्हरेस्टच्या पायथ्याच्या भागात आले. तर शेर्पा ही जमात आहे, तिची वेगळी भाषा आहे, गोम्पा म्हणजे बौद्ध मठ आहेत, सण आहेत. आडनावही शेर्पाच लावतात. आणि नावं कशी ठेवतात तर जन्मवारावरून! सोमवारचा दावा, मंगळवारचा मिंग्मा, बुधवारचा ल्हाक्पा, गुरुवारचा फुर्बा, शुक्रवारचा पासांग, शनिवारचा पेंबा, रविवारचा नीमा. आमच्या गाइडचं नाव शुक्रवारचं. मी बुधवारची म्हणजे ल्हाक्पा, आणि काका शनिवारचे निघाले, ते मग ट्रेक संपेपर्यंत पेंबा काका झाले, त्यांनाही ते आवडलं असावं.

आणि ज्या पासांग ल्हामू शेर्पा यांचं नाव तिथल्या गावपालिकेला दिलंय, १९९३ मध्ये एव्हरेस्टवर पोचलेल्या पहिल्या नेपाळी महिला, उतरताना वारल्या, त्यांचंही नाव शुक्रवारचंच. आपण इतकी वर्षं शेर्पा शेर्पा म्हणतो आणि हे मला ५४ व्या वर्षी कळलं.

आता मुद्द्याचं. आज खुंबूत बहुतेक लॉज शेर्पा कुटुंबांचे आहेत, गाइडही पुष्कळ शेर्पा असतात, शिखरावर जाणारे तर आहेतच, थामे गावचे कामी रिता शेर्पा २०२५ मध्ये ३१ व्यांदा एव्हरेस्ट चढून आले. पण आपल्या बॅगा उचलणारी पोरं बऱ्याचदा राई, तामांग, मगर अशा जमातींची, खालच्या डोंगराळ भागातली, शेती अर्धपोटी म्हणून सीझनला वर येणारी. आमचा तो मुलगा खोटांग जिल्ह्यातला, घरी मका आणि कोदो म्हणजे नाचणी, वय विचारलं तर एकोणीस सांगितलं, मला सतराचा वाटला. त्याचं गाव आपल्या कळसूबाईच्या माथ्यापेक्षाही खाली आहे!

म्हणजे उंचीच्या बाबतीत तो आणि मी सारखेच. शेर्पांचं शरीर पिढ्यान्‌पिढ्या त्या विरळ हवेला सरावलंय, आपलं रक्त उंचीवर घट्ट होत जातं तसं त्यांचं होत नाही. खोटांगच्या पोराला ती सोय नाही. त्याला माझ्यासारखंच डोकं दुखणार, मळमळणार, झोप लागणार नाही, फरक एवढाच की मी उंचीच्या त्रासावरची डायमॉक्सची गोळी घेऊन छोटी सॅक पाठीला लावून चालते आणि तो ३३ किलो घेऊन. पण आपण त्याला शेर्पा म्हटलं की आपल्या डोक्यात बसतं की याला काय होतंय, हा तर इथलाच.

डिंगबोचेला नेमकं तेच झालं. ४४१० मीटर. आमचा तिथे एक विश्रांतीचा दिवस होता, म्हणजे आम्ही ट्रेकर लोक टेकडीवर चढून उतरलो आणि गार्लिक सूप पीत बसलो. तो मुलगा सकाळपासून दिसला नव्हता. पोर्टर लोक रात्री आम्ही जेवून उठल्यावर डायनिंग हॉलच्या बाकांवरच झोपायचे, दुपारी बघते तर तिथेच कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून पडलेला, टोपी डोळ्यांवर. काका म्हणाले, थकला असेल. मी म्हणाले झोपू दे. दोघेही शिकलेले, दोघांनीही इंटरनेटवर एएमएसची, म्हणजे उंचीवर होणाऱ्या आजाराची लक्षणं पाठ केलेली, स्वतःचं ऑक्सिजन सॅच्युरेशन दिवसातून तीनदा बघणारे, पण ते मशीन त्याच्या बोटाला लावावं हे कुणाच्याच डोक्यात आलं नाही. गाइडने लावलं. ६४ आलं. माझं त्या वेळी ८३ होतं. विचारलं तर म्हणाला काल रात्रीपासून उलट्या होतायत, सांगितलं नाही कारण सांगितलं तर खाली पाठवतील आणि पुढच्या दिवसांचे पैसे जातील.

गाइडने मग आमच्या कंपनीच्या माणसाला फोन लावला तर तिकडून पहिला प्रश्न काय, की ‘मग बॅगा कोण उचलणार?’ गाइडने उत्तरच दिलं नाही, फोन खिशात टाकला आणि दुसऱ्या पोर्टरला बरोबर घेऊन त्या मुलाला धरून पलीकडच्या फेरिचे गावाला निघाला. तिथे हिमालयन रेस्क्यू असोसिएशनचा दवाखाना आहे, १९७३ पासून चालवतात, परदेशी डॉक्टर सीझनभर येऊन राहतात, आणि हा दवाखाना सुरू होण्यामागे ट्रेकर आणि पोर्टर दोघांचेही जीव वाचावेत हेच होतं. त्यांनी ऑक्सिजन लावला, दुसऱ्या दिवशी खाली उतरवायला सांगितलं. तो नामचेला गेल्यावर बरा झाला असं नंतर कळलं. उरलेल्या दिवसांचे पैसे त्याला गाइडने आमच्याकडून वर्गणी काढून दिले, कंपनीकडून नाही, आणि त्या वर्गणीसाठी आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर आधी पोल टाकावा लागला. पोल! १४ पैकी ९ हो, ५ ‘बघू’.

त्या संध्याकाळी मी माझी बॅग उपसली. चिवडा, लाडू, शंकरपाळे, बरण्या, चादर सगळं लॉजच्या दिदीला देऊन टाकलं, तिने एक लाडू तोंडात टाकला आणि मान डोलावली. हेअर ड्रायरही दिला, तो तिने परत केला. बॅग भरली ९ किलो. एवढं तर ठाण्याहूनच करता आलं असतं. पुढे ती झोपक्योच्या पाठीवर गेली, झोपक्यो म्हणजे याक आणि गाय यांची मिश्र जात.

पुढचा प्रवास छान झाला, त्याबद्दल तुमच्या लेखात आलंच आहे. फक्त थुक्लाच्या खिंडीचं सांगायचंय. चढून वर गेलं की एकदम सपाटी येते आणि तिथे दगडांचे मनोरे आणि पताका, डोंगरात गेलेल्यांची स्मारकं. आमच्यातले फोटो काढत होते. गाइड एका मनोऱ्यापाशी नुसता उभा होता, मी विचारलं तर म्हणाला २०१४. त्या वर्षी १८ एप्रिलला बेस कॅम्पच्या वरच्या खुंबू आइसफॉलमध्ये, म्हणजे हिमनदीच्या तुटक्या उतारावर, हिमप्रपात होऊन १६ नेपाळी कामगार गेले, आमच्यासारख्यांचे तंबू, दोर, अन्न वर नेत होते. त्यांतले बहुतेक शेर्पा, पण सगळे नाही. आणि बातम्यांत तेव्हा सगळीकडे ‘१६ शेर्पा’ असंच आलं होतं, मलाही तसंच आठवत होतं. गेल्यावरसुद्धा माणसाची जात चुकवायची म्हणजे कमाल आहे.

सह्याद्रीत आपण वाट दाखवणाऱ्याला मामा म्हणतो, दादा म्हणतो, त्याच्या घरी पिठलं-भाकरी खातो. तिथे नेपाळात पण सोपं आहे, मोठा असेल तर दाइ, लहान असेल तर भाइ, बाईला दिदी. तेवढं शिकायला माहितीपत्रक लागत नाही.

माझी विनंती एवढीच की पुढच्या वेळी चौकट छापाल तेव्हा ‘शेर्पा’ खोडून ‘पोर्टर’ लिहा, त्याच्यापुढे एका पोर्टरच्या पाठीवर एकूण किती किलो ते लिहा, आणि वाचकांना सांगा की बुकिंग करताना तीन प्रश्न विचारा, पोर्टरचा विमा आहे का, तो आजारी पडला तर त्याचे पैसे मिळतात का आणि रात्री तो झोपतो कुठे. कंपनीवाले आधी उडवाउडवी करतील. मी यंदा अन्नपूर्णासाठी चार ठिकाणी विचारलं, दोघांनी सरळ उत्तरं दिली, एकाने फोन ठेवला, आणि चौथा म्हणाला, ‘मॅडम, शेर्पा लोकांना सवय असते.’

आपली एक नियमित वाचक,
ठाणे

ता. क. : लेखात ‘याकच्या दुधाचं चीज’ असंही आलंय. ते मी डिंगबोचेच्या दिदीला विचारलं होतं. ती रिकिकुर करत होती, म्हणजे कच्चा बटाटा किसून त्याची जाडसर धिरडी तव्यावर टाकायची आणि वर लोणी आणि मिरचीचा ठेचा, अगदी आपल्या चवीचं. मी म्हटलं हे लोणी याकचं का, तर ती कालथा हातात धरून इतकी हसली की धिरडं करपलं. याक हा नर असतो. दूध देते ती मादी, तिचं नाव ‘नाक’.