सूचना : इंग्रजी पत्रव्यवहाराविषयी बैठक

सर्व सभासदांस कळविण्यात येते की, हळदीच्या परदेशी खरेदीदारांना जाणारी आपली इंग्रजी पत्रे व ई-मेल अधिक स्पष्ट आणि निर्दोष व्हावीत, यासाठी येत्या रविवारी सकाळी १० वाजता सांगली मार्केट यार्डातील मंडळाच्या कार्यालयात बैठक ठेवली आहे. पेढीचा पत्रव्यवहार जो प्रत्यक्ष पाहतो, त्यालाच पाठवावे. मालकांनी केवळ मान म्हणून येण्याची गरज नाही.

१. अलीकडे पाठविलेले एक पत्र छापून आणावे. त्यातील खरेदीदाराचे नाव व दर खोडावेत.

२. तारखेतील महिना अक्षरांत लिहिण्याची सवय आतापासूनच लावावी, कारण ०५/०६ म्हणजे आपल्याकडे ५ जून, तर अमेरिकेत ६ मे होतो आणि माल पाठविण्याच्या मुदतीत असा घोळ परवडणारा नाही. वजनही क्विंटलऐवजी किलोत किंवा मेट्रिक टनांत द्यावे.

३. ‘डू द नीडफुल’ हे आपले लाडके वाक्य टाळून नेमके काय, कोणी व कधीपर्यंत करायचे ते लिहावे. मराठीत नसलेली ‘अ’, ‘अ‍ॅन’, ‘द’ ही उपपदे आपल्या इंग्रजीतून हमखास गळतात, म्हणून बैठकीचा बराच वेळ त्यांनाच दिला जाईल.

येणाऱ्यांची नावे शुक्रवारी सायंकाळपर्यंत कार्यालयात नोंदवावीत.

– चिटणीस