सर, तुम्ही आम्हाला हकीमचे पाय बघायला लावलेत

आदरणीय सर,
साष्टांग नमस्कार.

आम्ही तुमच्या बास्केटबॉल संघातल्या जुन्या मुलींनी तुमचा सत्कार करायचा घाट घातला आणि तुम्ही तो फोनवर एका वाक्यात मोडीत काढलात. शाल नको, श्रीफळ नको, भाषणं तर मुळीच नकोत. बरं. पण आभार मानायला तुमची परवानगी लागत नाही, आणि जाहीर पत्राला तुम्ही ‘नको’ म्हणेपर्यंत ते चार लोकांनी वाचलेलंही असतं. सूनबाई मोबाइलवर दाखवतीलच. चष्मा लावून वाचा.

आभार तसे पुष्कळ गोष्टींचे आहेत. एसटीच्या पासासाठी खेटे घातलेत, आईची समजूत काढलीत, स्पर्धेला जाताना सगळ्यांचे डबे तुमच्या घरून आले (त्याचे आभार काकूंना, तुम्हाला नाही). पण मला लिहायचंय ते हकीम ओलाजुवानबद्दल, अमेरिकेतल्या एनबीए या बास्केटबॉल लीगमधल्या ह्यूस्टन संघाच्या सेंटरबद्दल, म्हणजे रिंगखाली खेळणाऱ्या उंच खेळाडूबद्दल. त्याची कारकीर्द तुम्ही आम्हाला शाळेतल्या विषयासारखी शिकवलीत. माझा सगळा खेळ, आणि पुढे खेळाच्या कोट्यातून लागलेली नोकरीसुद्धा, त्या शिकवणीतून आली.

नववीत मी पाच फूट दहा इंच झाले होते. खो-खोच्या संघातून नुकतीच बाहेर पडले होते, कारण पाटीवर बसलं की गुडघे कुठे ठेवायचे कळत नव्हतं आणि पळताना एवढं लांब अंग आवरत नव्हतं. घरी वेगळीच काळजी होती, हिला नवरा कुठून शोधायचा. अशा वेळी तुम्ही मला रिंगखाली उभं केलंत. उंच मुलगी मिळाली की कुणीही तेच करतो: हात वर धर, बॉल आला की टाक. तुम्ही मात्र पहिला आठवडाभर माझे हात पाठीमागे बांधून ठेवायला लावलेत. बॉलला हात लावायचा नाही, आधी पाय.

आणि रविवारी सकाळी घरी बोलावलंत. तुमच्या मावसभावाने अमेरिकेहून पाठवलेल्या कॅसेटी आपल्याकडच्या व्हीसीआरवर धड चालायच्या नाहीत. चित्र काळंपांढरं व्हायचं आणि मधूनच वर पळायचं. कुठला संघ कुठला हे कळायलाही वेळ लागायचा. हकीम तेवढा लगेच ओळखू यायचा. बाकीचे सात-सात फुटी लोक वळताना आधी जागा शोधत आणि मग वळत. हा वळून मोकळा झालेला असायचा.

हा मुलगा पंधरा वर्षांचा होईपर्यंत बास्केटबॉल खेळलाच नव्हता, असं तुम्ही सांगितलंत तेव्हा मी सावरून बसले. पाचवीपासून खेळणाऱ्या मुलींच्या मागे मी चार वर्षं होते, आणि हा तर माझ्याही मागे. नायजेरियातल्या लागोसचा, आईवडिलांचा सिमेंटचा धंदा, शाळेत हँडबॉल खेळायचा आणि फुटबॉलमध्ये गोलकीपर. थोड्या जागेत झटपट पावलं, समोरच्याच्या कमरेवर नजर, आणि कधी उडी मारायची नाही याची समज, हे सगळं तो त्या खेळांतून घेऊन आला. एनबीएमधले त्याचे ब्लॉक, म्हणजे समोरच्याचे हाताने अडवलेले शॉट, पुढे ३,८३० वर जाऊन थांबले. आजवर कुणी त्यापुढे गेलेलं नाही. (ब्लॉक मोजायला १९७३ साली सुरुवात झाली, त्याआधीच्या बिल रसेल या सेंटरचे कुणी मोजलेच नाहीत, हे तुम्ही दर वेळी बजावायचात, म्हणून इथेही लिहिते.) मला त्याहून आवडतो तो दुसरा आकडा, २,१६२ स्टील. रिंगखाली राहणाऱ्या माणसाने एवढे बॉल पळवायचे म्हणजे पाय किती हलते असतील!

तुमचं म्हणणं सरळ होतं. त्याचा हँडबॉल फुकट गेला नाही, तुझा खो-खोही जाणार नाही. तिथे देतेस तीच हूल इथे द्यायची, फक्त पाठीला एक मुलगी चिकटलेली असेल आणि एक पाय जमिनीवरून हलवायचा नाही.

आता तो सॅन अँटोनिओचा सामना. १९९५, पश्चिम विभागाची अंतिम फेरी. समोर डेव्हिड रॉबिन्सन, त्या वर्षीचा सर्वोत्तम खेळाडू. मालिकेतल्या दुसऱ्या सामन्याआधी त्याला तो करंडक मैदानावर, हकीमच्या डोळ्यांदेखत दिला. त्यानंतर जे झालं ते तुम्ही आम्हाला इतक्या वेळा मागे नेऊन दाखवलंत की कॅसेटचा तो भाग झिजला. “बॉल बघू नका, टाच बघा.” बॉल घेताना पाठ रिंगकडे. खांदा बेसलाइनकडे, म्हणजे रिंगमागच्या रेषेकडे टाकायचा, मनापासून, खरंच तिकडे जायचंय असा. पाठीवरचं वजन सरकलं की उलटं वळायचं आणि शॉट दाखवायचा. समोरचा उडाला की त्याच्या हाताखालून एक पाऊल पुढे. एवढं सगळं होईपर्यंत मागचा पाय जमिनीला टेकलेलाच. तिकडे त्याला ‘ड्रीम शेक’ म्हणतात. त्या मालिकेत हकीमने सामन्यामागे ३५ च्या वर गुण काढले आणि ह्यूस्टनने सहा सामन्यांत ती जिंकली.

आम्ही रॉबिन्सनला हसलो होतो. तुम्ही टीव्ही बंद केलात. त्या माणसाने काही चुकीचं केलेलं नाही, म्हणालात. पुस्तकात सांगितलंय तसाच तो उभा आहे, म्हणूनच फसतोय. मग आम्हा प्रत्येकीला आळीपाळीने रॉबिन्सन केलंत, अंगणात, चपला काढून. मी हकीम होण्याआधी कितीतरी आठवडे रॉबिन्सनच होते. बचाव मी तिथे शिकले.

त्याची सुरुवातीची वर्षं तुम्ही भरभर उरकायचात. १९८० मध्ये ह्यूस्टन विद्यापीठात आला, तीनदा संघ कॉलेजांच्या स्पर्धेत शेवटच्या चारांत गेला, एकदाही विजेता झाला नाही. १९८४ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीएचे संघ नवे खेळाडू निवडतात त्यात, तो पहिला, मायकल जॉर्डन तिसरा, आणि तरी ह्यूस्टनची निवड चुकली असं आजही कुणी म्हणत नाही. एक गोष्ट मात्र तुम्ही थांबून सांगायचात. कॉलेजात असताना उन्हाळ्यात तो शहरातल्या फोंडे नावाच्या सार्वजनिक जिममध्ये मोझेस मलोनसमोर खेळायचा. मलोन तेव्हा एनबीएतला सगळ्यात दांडगा सेंटर, आणि कच्च्या पोराला धक्के देताना हात राखणारा तो नव्हता. ही गोष्ट सांगून तुम्ही मला कॉलेजच्या मुलींच्या सरावात सोडून आलात. पहिल्या दिवशी बरगडीत कोपर बसलं. तुम्ही बाहेर शेंगदाणे खात होतात.

मला सगळ्यात जड गेला तो १९९४ चा धडा. त्या हंगामात सर्वोत्तम खेळाडू, सर्वोत्तम बचावपटू आणि अंतिम फेरीचा सर्वोत्तम खेळाडू, तिन्ही मान त्यालाच मिळाले. एकाच हंगामात हे तिन्ही दुसऱ्या कुणाला जमलेलं नाही. मला वाटलं आता गुण कसे काढायचे ते शिकवाल. तुम्ही शिकवलंत बॉल सोडायला. रूडी टॉमजानोविच या प्रशिक्षकाने त्याच्याभोवती लांबून टाकणारे चौघे पेरले होते: केनी स्मिथ, मॅक्सवेल, हॉरी, एली. हकीमवर दोघं धावून आले की त्यांतला एक मोकळा, मग बॉल बाहेर. बाहेरच्याने लगेच बास्केट केलं तर निदान असिस्टची, म्हणजे गुण मिळवून देणाऱ्या पासची, नोंद होते. त्याने पुढे आणखी एक पास दिला तर सेंटरच्या नावावर काहीच लागत नाही. मला याचा राग यायचा. मार मी खायचा आणि टाळ्या कोपऱ्यातल्या मुलीला. तुम्ही वहीत तुमचा एक वेगळा रकाना आखलात, ‘दोघींना ओढलं’, आणि सामना संपला की आधी तो वाचून दाखवायचात. कोपऱ्यातल्या त्या मुलीलाही वाचून दाखवायचात. सर, या रकान्याचे आभार मी मनात फार वेळा मानलेत.

त्याच अंतिम फेरीतला न्यू यॉर्कविरुद्धचा सहावा सामना. ८६-८४ अशी आघाडी, शेवटचे क्षण, जॉन स्टार्क्सचा तीन गुणांचा शॉट गेला असता तर करंडक न्यू यॉर्कचा. हकीम रिंग सोडून बाहेरपर्यंत आला आणि बोटांनी त्या बॉलला स्पर्श केला. सातवा सामनाही ह्यूस्टनने जिंकला. पुढच्या वर्षी विभागात सहाव्या क्रमांकावरून बाद फेरीत येऊन, अंतिम फेरीत शाकील ओनीलच्या ऑरलँडोला ४-० असं हरवून, पुन्हा अजिंक्यपद. त्याच हंगामातल्या फेब्रुवारीत रमजान होता. दिवसभर पाणीसुद्धा नाही, आणि महिन्याचा सर्वोत्तम खेळाडू तोच. नवरात्रात उपासाचं कारण सांगून सराव बुडवणाऱ्या आम्हाला तुम्ही हे नेमकं कधी सांगितलंत ते वेगळं लिहीत नाही.

पण तुम्ही त्याचा देव केला नाहीत, यासाठी वेगळे आभार. १९८६ मध्ये अंतिम फेरीत बोस्टनकडून हरल्यावर पुढची पाच-सहा वर्षं फुकट चालली होती. जोडीदार राल्फ सॅम्पसन दुखापतींनी बेजार होऊन दुसऱ्या संघात गेला, संघ पहिल्या फेरीतच बाहेर पडायचा. हकीम रेफरींवर चिडायचा, सहकाऱ्यांवर चिडायचा. १९९२ मध्ये तर दुखापतीचं सोंग करतो असा आरोप खुद्द संघाने केला आणि त्याने दुसऱ्या संघात पाठवा म्हणून हट्ट धरला. अकरावीत मी संघ सोडते म्हणून तुमच्या दारात आले होते तेव्हा तुम्ही हे सांगितलंत. समजूत घातली नाहीत. त्यालाही संघाने सोडलं नाही, म्हणून तो राहिला, एवढंच म्हणून तुम्ही चहा टाकायला आत गेलात. मी हसले आणि राहिले.

बुटांचंही आठवतं. बाकीचे तारे महागड्या बुटांवर नाव घालत होते, तेव्हा त्याने गरिबांच्या पोरांना परवडावा असा, ३५ डॉलरच्या आसपासचा बूट काढला. आम्हाला तोही परवडणार नव्हताच. कॅनव्हासचे पांढरे बूट आणि खडू. पण त्याचं तुम्हाला केवढं कौतुक होतं.

२००१ मध्ये तो टोरोंटोला गेला, सामन्यामागे सात गुण, पाठ दुखरी, आणि एका हंगामात संपलं. अठरा वर्षं. मी तुम्हाला एसटीडीवरून फोन करून म्हटलं होतं, आधीच थांबायला हवं होतं. तुम्ही म्हणालात, खेळता येतंय तोवर खेळू दे की, तुला कुठे बिल येतंय. मी छत्तिसाव्या वर्षी, गुडघा बांधून, ऑफिसच्या स्पर्धेत उतरले तेव्हा तुमचं हे वाक्य नवऱ्याला ऐकवलं. (हो, नवरा सापडला. पाच फूट सात. आईला सांगा, काळजी करायची गरज नव्हती.)

आपल्याकडे तेव्हा बायकांना खेळून पोट भरता येईल अशी लीग नव्हती. तरी एका सेंटरची कारकीर्द कशी असते, कशी चढते, मध्ये कशी सडते, पुन्हा कशी उभी राहते, हे आम्हाला पंधराव्या वर्षी माहीत होतं. आता रविवारी मी वस्तीतल्या मुलींना शिकवते. व्हीसीआर नाही, मोबाइलवर दाखवते, आणि त्या हकीमला बघून म्हणतात, मॅडम, हा तीनचा शॉट का टाकत नाही?

इथे तुमच्याशी भांडण आहे. मागच्या दिवाळीत तुम्ही डेन्व्हरचा सेंटर निकोला योकिच याला ‘जाडा’ म्हणालात. ड्राफ्टमध्ये एक्केचाळिसावा, तीनदा सर्वोत्तम खेळाडू, २०२३ मध्ये डेन्व्हरला अजिंक्यपद, आणि उडी तर जवळजवळ मारतच नाही. सगळं पायांवर आणि पासवर. तो तुमच्या ‘दोघींना ओढलं’च्या रकान्यात हकीमच्याही पुढे जाईल. एकदा शांतपणे त्याचा सामना बघा, टाच बघा, आणि मग फोन करा. ‘जाडा’ शब्द मागे घेतल्याशिवाय मी दिवाळीचा फराळ पाठवणार नाही.

काकूंना नमस्कार.

तुमची विद्यार्थिनी,
नववी ब, सेंटर