सूचना : कायम करण्याच्या दाव्यासाठी कागदपत्रे

सर्व रोजंदारी व हंगामी सभासदांसाठी.

येत्या रविवारी सकाळी ११ वाजता, नेहमीच्या ठिकाणी, वकीलसाहेब प्रत्येकाचे कागद तपासतील. नेमणुकीचे आदेश, हजेरीपटाच्या प्रती, पगाराच्या पावत्या आणा. सेवेतले खंड दाखवणारे आदेश तर विसरूच नका. दोन दिवस घरी बसवून पुन्हा त्याच कामावर घेतले, हाच आपला भक्कम पुरावा. झेरॉक्सच द्या, मूळ कागद कुणाच्याही हाती देऊ नका, आमच्याही नाही.

'सर्वोच्च न्यायालयाच्या उमादेवी निकालाने २००६ मध्येच कायम होण्याचे दार बंद झाले ना?' असे बरेच जण विचारतात. पूर्ण नाही. मंजूर पदावर, पात्रता असताना, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराविना १० वर्षे राबलेल्यांचा एकदा विचार करा, असे त्याच निकालात आहे. एसटी कामगारांच्या खटल्यात २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, अनुचित कामगार प्रथांविरुद्धच्या १९७१ च्या कायद्याने औद्योगिक न्यायालयाला दिलेले, कामगारांना कायम करण्याचा आदेश देण्याचे अधिकार उमादेवी निकालामुळे जात नाहीत. मात्र पदच मंजूर नसेल तर तिथेही अवघड. म्हणून मंजूर पदांची माहिती आपण माहिती अधिकारात मागवली आहे.

दरम्यान नव्या करारावर सही करायला सांगितले, तर आधी कार्यकारिणीला फोन करा.

— सचिव